आधी सुरक्षित रात्र, निर्णय नंतर

आज रात्री घरातून बाहेर पडावं लागलं, तर कुठे जाल? मार खाणाऱ्या बाईला हा प्रश्न सहसा कुणी विचारत नाही. विचारतात ते निराळंच: घटस्फोट घेणार का, केस करणार का, पोरांचं काय, पुढे भागवणार कसं? हे प्रश्न खरेच आहेत, पण रात्री अकरा वाजता, ओठ फुटलेला असताना त्यांची उत्तरं कुणाकडेच नसतात. उत्तरं नाहीत म्हणून ती तिथेच थांबते, आणि पुढचा मार त्याच घरात खाते. संसाराचा निर्णय झाल्याशिवाय घराबाहेर पडायचं नाही, ही समजूत आपण सगळ्यांनी मिळून तिच्या डोक्यात घातली आहे. ती आधी काढून टाकू. चार दिवस सुरक्षित जागी जा, झोपा, जेवा, डॉक्टरला दाखवा, मग ठरवा. परत जायचं ठरवलंत तरी तो तुमचा निर्णय असेल, भीतीचा नाही. निवारागृहं असतात ती त्यासाठीच.

पुण्याजवळच्या वढू बुद्रुक इथलं ‘माहेर’ अशाच एका रात्रीतून उभं राहिलं. १९९१ मध्ये एका गरोदर बाईनं सिस्टर लुसी कुरियन यांच्याकडे आसरा मागितला. जागेची सोय त्यांच्या हातात नव्हती. उद्या ये, बघते, असं त्यांनी सांगितलं. त्याच रात्री नवऱ्यानं त्या बाईला पेटवून दिलं. ती वाचली नाही, पोटातलं बाळही नाही. पुढे १९९७ मध्ये सिस्टर लुसींनी ‘माहेर’ सुरू केलं. ही हकीकत त्यांनी स्वतः अनेकदा सांगितली आहे. ‘उद्या’ या शब्दाचं वजन किती असतं, हे ज्यांच्या दाराशी अशी बाई येते त्या प्रत्येकानं ध्यानात ठेवावं: आई-बाप, भाऊ, शेजारी, ठाणे अंमलदार, सगळ्यांनी.

हे ‘घरातलं भांडण’ आहे का?

बायका स्वतःच सांगतात, ‘मारत नाही हो, नुसता बोलतो’, किंवा ‘दारू प्यायला की मारतो, एरवी चांगला आहे’. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचं संरक्षण करणारा २००५ चा कायदा, ज्याला कोर्टकचेरीत सगळे ‘डीव्ही’ म्हणतात, तो २६ ऑक्टोबर २००६ पासून देशात लागू आहे. त्यात मारहाण येतेच. शिवाय मनाविरुद्धचे शरीरसंबंध, सततचा अपमान आणि धमक्या, मूल होत नाही किंवा मुलगीच झाली म्हणून टोमणे, पगार काढून घेणं, घरखर्चाला पैसे न देणं, स्त्रीधन विकून टाकणं, नोकरीवर जाऊ न देणं हेही येतं. लाडकी बहीण योजनेचे पैसे जमा होतात ते खातं आणि त्याचं एटीएम कार्ड कायम दुसऱ्याच्याच खिशात असेल, तर तीही साधी गोष्ट समजू नका.

हा कायदा फक्त बायकोसाठी आहे असंही नाही. मुलाचा मार खाणारी आई, भावांनी घराबाहेर काढलेली बहीण, सासरी राहणारी विधवा सून, लग्नाशिवाय पण लग्नासारखंच एकत्र राहणारी बाई, या सगळ्यांना तो लागू होतो. धर्माची अट नाही. तक्रार सासू-नणंदेविरुद्धही करता येते; सर्वोच्च न्यायालयानं २०१६ मध्ये त्यातला ‘प्रौढ पुरुष’ हा शब्दप्रयोग काढून टाकला.

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या २०१९-२१ च्या फेरीत लग्न झालेल्या १८ ते ४९ वयाच्या बायकांपैकी जवळपास तीस टक्के जणींनी नवऱ्याकडून हिंसा सोसल्याचं सांगितलं. मला त्याहून अस्वस्थ करतो तो दुसरा आकडा: शारीरिक किंवा लैंगिक हिंसा सोसलेल्या दर शंभर जणींतल्या फक्त चौदा जणींनी कुणाकडे तरी मदत मागितली. मागितली तीही बहुतेकींनी माहेरच्या माणसांकडे. म्हणजे पोलीस आणि कोर्ट फार पुढची गोष्ट. बाईचं पहिलं दार माहेरचं असतं. त्या दाराबद्दल शेवटी बोलायचं आहे.

काही खुणा दिसल्या तर थांबू नका

सगळा त्रास सारखाच जिवावर बेतणारा नसतो, पण काही गोष्टी घडल्या असतील तर ‘बघू थोडे दिवस’ म्हणणं धोक्याचं. त्यानं कधी गळा दाबला आहे का? ही सगळ्यात मोठी खूण. गळा दाबणारा माणूस पुढे जीव घेण्याची शक्यता फार वाढते, आणि गळ्यावर वळ दिसत नसला तरी आत इजा झालेली असू शकते. आवाज बसला, गिळताना दुखलं, चक्कर आली, श्वास लागला तर त्याच दिवशी दवाखाना गाठा. रॉकेल किंवा पेट्रोल अंगावर टाकण्याची धमकी, सुरा-कोयता दाखवणं, गरोदरपणात मारणं, मार दर वेळी वाढत जाणं, ‘तुला मारीन आणि मीही मरेन’ असं बोलणं, पाळत ठेवणं, हेही त्याच पंगतीतलं.

बाई निघून जाते आहे हे त्याला कळतं, तो काळ सगळ्यात धोक्याचा. म्हणून ‘मी आता जाते आहे’ असं भांडणाच्या भरात सांगून निघू नका. त्याला सुधारण्याची शेवटची संधी म्हणूनही सांगू नका. तो कामावर असताना, पोरांना शाळेतून घेऊन, कुणाला पत्ता न लागू देता निघा.

निघण्याआधी

वेळ हाताशी असेल तर कागद हळूहळू बाहेर काढा. आधार, रेशनकार्ड, बँकेचं पासबुक, पोरांचे जन्मदाखले, लग्नाचं प्रमाणपत्र, ते नसेल तर लग्नपत्रिका आणि लग्नातला एखादा फोटो, दागिन्यांच्या पावत्या, दवाखान्याचे कागद. मूळ कागद उचलले आणि ते त्याच्या लक्षात येणार असेल, तर मोबाइलवर फोटो काढून विश्वासाच्या माणसाला पाठवा आणि आपल्या फोनमधून पुसून टाका. एक जोडी कपडे, रोजच्या गोळ्या, थोडे पैसे आणि किल्लीची नक्कल शेजारणीकडे, शाळेतल्या बाईंकडे किंवा आशाताईंकडे ठेवता येतील. नातेवाइकांकडे ठेवताना ते नवऱ्याशी किती मोकळे आहेत याचा विचार करा. आणि हेही सांगते: यातलं काहीच जमलं नाही, तर अंगावरच्या कपड्यानिशी निघा. कागदांच्या नकला मिळतात.

मोबाइल हा आजकाल सगळ्यात मोठा चुगलखोर. गुगल नकाशावर ‘लोकेशन शेअरिंग’ चालू आहे का, व्हॉट्सॲपच्या ‘लिंक्ड डिव्हायसेस’मध्ये अनोळखी संगणक किंवा फोन दिसतो का, फोनमधलं गुगल खातं त्यानंच उघडून दिलेलं आहे का, ते बघा. पासवर्ड बदलताना सावध असा, बदलल्याचा संदेश त्याच्या फोनवर जाऊ शकतो. मदतीचे फोन मैत्रिणीच्या फोनवरून करणं सगळ्यात बरं. बँक खात्याला कुणाचा नंबर जोडलेला आहे हेही आधी पाहून ठेवा. पैसे काढल्याचा पहिला निरोप त्याच नंबरवर जातो.

दवाखान्याबद्दल जरा थांबून सांगते, कारण इथे बायका नकळत स्वतःचं फार नुकसान करून घेतात. अपघात विभागात डॉक्टर केसपेपर पुढे ओढतात आणि विचारतात, ‘कसं लागलं?’ शेजारी नवरा किंवा सासू उभी असते. बाई म्हणते, ‘मोरीत पाय घसरला.’ डॉक्टर तेवढंच लिहितात. दोन वर्षांनी कोर्टात तोच केसपेपर समोरचा वकील काढतो: बाई, तुम्हीच तर सांगितलं होतं पडलात म्हणून! त्यापेक्षा ‘मला एकटीला बोलायचं आहे’ असं डॉक्टरला किंवा नर्सला सांगा. बरोबरच्या माणसाला बाहेर थांबायला लावण्याचा त्यांना पूर्ण अधिकार आहे. मग कुणी मारलं, कशानं मारलं, कधी मारलं, हे त्यांना लिहून घ्यायला सांगा आणि ‘एमएलसी’ करा म्हणा. एमएलसी म्हणजे वैद्यकीय-कायदेशीर नोंद. ती झाली म्हणून तुम्हाला लगेच केस करावीच लागते असं नाही, पण पुढे कधी करायची झाली तर हा कागद दहा साक्षीदारांचं काम करतो. मुंबईत वांद्र्याच्या भाभा रुग्णालयात ‘सेहत’ ही संस्था आणि महापालिकेनं मिळून ‘दिलासा’ केंद्र सुरू केलं ते याच विचारानं: पोलीस चौकीची पायरी न चढणारी बाईसुद्धा कधी ना कधी दवाखान्यात येतेच.

फोन कुणाला करायचा

जिवावर आलं असेल तर ११२. बाकी कुठल्याही वेळी १८१, ही महिलांची चोवीस तासांची हेल्पलाइन. फोन फुकट लागतो. तिथून जवळच्या ‘सखी वन स्टॉप सेंटर’शी जोडून देतात. ही केंद्रं २०१५ पासून सुरू झाली. ती जिल्ह्याच्या ठिकाणी, बहुधा सरकारी रुग्णालयात किंवा त्याच्या आसपास असतात. औषधोपचार, समुपदेशन, वकिलाचा सल्ला, पोलिसांशी बोलणं आणि पाच दिवसांपर्यंत राहण्याची सोय एकाच छपराखाली व्हावी, अशी कल्पना आहे. सगळी केंद्रं सारखी चालत नाहीत. काही ठिकाणी कर्मचारी कमी असतात, काही ठिकाणी रात्री फोन उचलायला उशीर होतो. म्हणून शक्य असेल तर आधी दिवसा एकदा फोन करून ठेवा: रात्री घेता का, पोरांना बरोबर घेता का, केंद्र नेमकं कुठे आहे?

महाराष्ट्रात आणखी एक चांगली जागा आहे, ती म्हणजे पोलिसांच्या आवारात बसणारा ‘महिला व मुलांसाठी विशेष कक्ष’. टाटा समाजविज्ञान संस्थेनं मुंबई पोलीस आयुक्तालयात १९८४ मध्ये तो सुरू केला आणि पुढे राज्य सरकारनं तो जिल्ह्याजिल्ह्यांत नेला. तिथे पोलीस बसत नाहीत, प्रशिक्षित समाजकार्यकर्त्या बसतात, पण पोलिसांना हाक मारण्याची सोय शेजारीच असते. चौकीत जायची भीती वाटत असेल तर इथून सुरुवात करा.

चौकीतच जावं लागलं तर पुष्कळदा ‘एनसी’ घेऊन घरी पाठवतात. एनसी म्हणजे अदखलपात्र नोंद. तिच्यावर पोलीस आपणहून तपास करत नाहीत. नवऱ्यानं किंवा सासरच्यांनी केलेली क्रूरता हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ८५ खालचा गुन्हा आहे. जुन्या भाषेत ४९८-अ. म्हणून एनसीवर थांबू नका, गुन्हा, म्हणजे एफआयआर, नोंदवा म्हणा. तो कुठल्याही पोलीस ठाण्यात नोंदवता येतो. हद्द आमची नाही, हे कारण चालत नाही. एफआयआरची प्रत फुकट मिळते, ती मागून घ्या. नोंदवून घेतच नसतील तर तीच तक्रार लेखी स्वरूपात पोलीस अधीक्षकांना टपालानं पाठवा आणि पावती जपून ठेवा.

निवाऱ्यात काय होतं

सखीतले पाच दिवस संपल्यावर पुढे ‘शक्ती सदन’ (पूर्वीचं स्वाधार गृह), शासनाची महिला वसतिगृहं आणि ‘माहेर’सारख्या संस्था असतात. तिथे महिनोन् महिने राहता येतं. कायद्याचे दोन नियम तोंडपाठ असू द्या, कारण दारावरच्या माणसाला ते कधी कधी माहीत नसतात. एक, आधी तक्रार किंवा अहवाल दाखल केलेला नाही म्हणून निवारागृहाला प्रवेश नाकारता येत नाही. दोन, तुमची इच्छा नसेल तर तुम्ही तिथे आहात हे ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे त्याला निवारागृहानं सांगायचं नाही.

आत गेल्यावर नाव-गाव लिहून घेतात, ओळखपत्र मागतात, वैद्यकीय तपासणी होते, एखादी ताई शांतपणे सगळं विचारते. खोली बहुधा सामायिक असते. जेवणाच्या वेळा ठरलेल्या, गेटबाहेर जायला परवानगी, फोनवर बंधन. स्वतःचं घर चालवलेल्या बाईला हे जड जातं, आणि काही जणी दोनच दिवसांत ‘यापेक्षा घर बरं’ म्हणून परत जातात. बंधनांमागचं कारण सुरक्षिततेचं असतं, तरी सगळीच बंधनं गरजेची असतात असं माझं मत नाही. मोठ्या बाईला कैद्यासारखं वागवणारं शेल्टर चुकतंच आहे. तक्रार करा, जिल्हा महिला व बालविकास अधिकाऱ्यांना लिहा, दुसरी जागा मागा. पण ती मिळेपर्यंत जिथे मार बसतो त्या घरात परत जाऊ नका.

पोरांबद्दल आधीच विचारा. बायकांच्या वसतिगृहात थोड्या मोठ्या मुलग्याला सहसा घेत नाहीत, त्याची सोय बालगृहात करतात, आणि आईला तेच सगळ्यात सोसत नाही. वयाची अट जागेगणिक बदलते; एका ठिकाणी नाही म्हणाले तर दुसरीकडे विचारा. शाळेची काळजी मात्र कमी करा: आठवीपर्यंतच्या मुलाला जुन्या शाळेचा दाखला नाही म्हणून नव्या शाळेला प्रवेश अडवता येत नाही, शिक्षणहक्क कायदाच तसं सांगतो.

अनेकदा बाई निघून गेली की नवरा चौकीत ‘मिसिंग’ दाखल करतो. त्यामागे काळजी असो की पत्ता काढण्याची युक्ती, तुम्ही घाबरू नका. निवारागृहाच्या ताईंना बरोबर घेऊन जवळच्या पोलिसांना जबाब द्या की मी स्वतःच्या मर्जीनं निघाले आहे, सुखरूप आहे, माझा पत्ता कुणाला देऊ नका. सज्ञान बाईला तिच्या मनाविरुद्ध कुणीही परत पाठवू शकत नाही.

घर सोडलं म्हणजे हक्क सोडला नाही

‘एकदा बाहेर पडलीस की घरावरचा हक्क गेला’, ही धमकी खोटी आहे. सामायिक घरात राहण्याचा हक्क कायद्यानं दिला आहे, मग घर नवऱ्याच्या नावावर असो की नसो. घर सासऱ्यांच्या नावावर असलं तरी सून तिथे राहण्याचा हक्क मागू शकते, असा निकाल सर्वोच्च न्यायालयानं २०२० मध्ये दिला. आणि माझ्या मते या कायद्यातली सगळ्यात न्यायाची तरतूद ही, की न्यायदंडाधिकारी मारणाऱ्या पुरुषालाच घराबाहेर राहायला सांगू शकतात, किंवा तुमच्या वेगळ्या घराचं भाडं त्याला द्यायला लावू शकतात. मार खाल्लेल्या बाईनंच दरवेळी पोरं काखोटीला मारून का निघायचं? हा आदेश मागायला वकील कचरतात. तुम्ही आठवण करून द्या.

अर्ज करायला मोठा खटाटोप नाही. जिल्हा महिला व बालविकास कार्यालयात आपल्या तालुक्याचे संरक्षण अधिकारी कोण ते विचारा. ते तुमची हकीकत ठरलेल्या नमुन्यात लिहून घेतात, त्याला ‘डीआयआर’ म्हणतात, आणि ती न्यायदंडाधिकाऱ्यांकडे पाठवतात. अर्ज सासरच्याच गावी करायचा असं नाही. तुम्ही तात्पुरत्या जिथे राहता तिथल्या कोर्टातही चालतो. त्रास न देण्याचा आदेश, पोटगी, पोरांचा तात्पुरता ताबा, दवाखान्याचा खर्च, नुकसानभरपाई, स्त्रीधन परत, हे सगळं एकाच अर्जात मागा. घाई असेल तर समोरच्याला बोलावण्याआधीसुद्धा तात्पुरता आदेश मिळू शकतो. संरक्षणाचा आदेश त्यानं मोडला, तर एक वर्षापर्यंत कैद किंवा वीस हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. वकिलाची फी परवडत नाही म्हणून अडू नका: बाईला उत्पन्न कितीही असलं तरी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून फुकट वकील मिळतो, त्यासाठी १५१०० वर फोन करा. कायदा साठ दिवसांत निकाल द्यायला सांगतो. प्रत्यक्षात तारखा पडत राहतात, महिने जातात. म्हणून तात्पुरत्या पोटगीचा अर्ज पहिल्याच दिवशी जोडा.

मध्येच समेटाची बोलणी होतील. भावकीतली चार माणसं बसतील, माफीनामा लिहून देतो म्हणतील. जायचं की नाही ते तुमचं तुम्ही ठरवा, पण कोऱ्या कागदावर किंवा कोऱ्या स्टॅम्पवर सही करू नका. नीट न वाचता तक्रार मागे घेण्याच्या कागदावरही करू नका. परत गेलात तरी विशेष कक्षाच्या ताईंनी दर पंधरवड्याला फोन करावा, असं ठरवून घ्या.

माहेरच्या माणसांसाठी

लेकीचा रात्री फोन आला तर ‘पोरांकडे बघून सहन कर’ असं म्हणू नका. ‘आम्ही जावईबापूंशी बोलतो’ असंही तिला विचारल्याशिवाय म्हणू नका, त्या बोलण्याचा राग पुढच्या तासाभरात तिच्यावरच निघतो. विचारा: आत्ता तू सुरक्षित आहेस का, पोरं कुठे आहेत, मी गाडी घेऊन येऊ की ११२ लावू? घरी आणलंत तर ‘किती दिवस राहणार’ हे महिनाभर तरी विचारू नका. ती परत गेली आणि पुन्हा मार खाऊन आली, तर दुसऱ्यांदाही, चौथ्यांदाही तेवढ्याच मायेनं दार उघडा. पुष्कळ बायका कायमच्या सुटण्याआधी अनेकदा परततात. घरात जागा नसेल, किंवा जावई घर ओळखतो म्हणून धोका असेल, तर तिला सखी केंद्रात स्वतः घेऊन जा आणि तिथे रोज भेटायला जा. लेकीला ‘आश्रमात’ ठेवलं म्हणून चार लोक काय म्हणतील, याचा विचार नंतर करता येईल.

शेजाऱ्यांनाही काही करता येतं. भिंतीपलीकडून किंचाळणं ऐकू आलं तर साखर मागण्याच्या निमित्तानं बेल वाजवा. एवढ्यानंही हात थांबतो. त्याच्याशी हुज्जत घालू नका. ती एकटी भेटली की हळूच १८१ चा नंबर सांगा आणि ‘रात्री कधीही दार वाजव’ म्हणा. संरक्षण अधिकाऱ्यांना कुणीही माहिती देऊ शकतं, आणि चांगल्या हेतूनं माहिती देणाऱ्यावर कुठलीही दिवाणी किंवा फौजदारी जबाबदारी येत नाही, असं कायद्याच्या चौथ्या कलमातच लिहिलेलं आहे. फोन केलात तर विंग, मजला, खोली क्रमांक, घरात लहान मुलं आहेत का आणि हत्यार आहे का, एवढं सांगा.